शॉर्टस्टॉपच्या पायाखालची जमीन

आधी शैलाकाकूंचं नाव लिहितो. शैला पोतनीस. उज्जैनला फ्रीगंजमध्ये दुसऱ्या मजल्यावर राहतात. शाळेत गणित शिकवायच्या, आता रिटायर आहेत. त्यांचे पूर्वज जुन्या दरबारात कारकून होते म्हणे. हे त्या स्वतःच हसत सांगतात, "आमच्या खानदानात तलवार कधीच नव्हती रे, नुसती दौत." मी या शहरात आलो तेव्हा जेवलास का, असं विचारणारं पहिलं माणूस म्हणजे काकू. मला टायफॉइड झाला तेव्हा अकरा दिवस मी त्यांच्या मुलाच्या पलंगावर झोपलो होतो आणि त्यांचा मुलगा खाली चटईवर. रात्रीतून मी कण्हलो की तोच उठून पाणी द्यायचा.

त्या मुलाचं नाव अनिरुद्ध. आम्ही अनू म्हणायचो. त्याच्याबद्दल सांगायचं आहे.

खरं तर माझ्याबद्दल. हे मी आजपर्यंत कुणाला बोललेलो नाही. बायकोला नाही, पुसदला आई आहे तिला नाही. देवळात गेलो तरी देवासमोर हात जोडून गप्प उभा राहतो, दुसरंच काहीतरी मागतो. तुम्ही मला ओळखत नाही, म्हणून कदाचित तुमच्यासमोर हात चालतो आहे. नववीत शाळा सुटलेली, लिहायची सवय नाही. जसं आठवेल तसं लिहितो — आणि कुठे मी स्वतःला सांभाळून घेतोय असं वाटलं, तर तुमचं बरोबरच असेल. मलाही ते दिसतं, कधीकधी उशिरा.

मी बेसबॉल खेळायचो. पोटासाठी. हे सांगितलं की लोक आधी हसतात, मग विचारतात, आपल्याकडे खेळतात हे? खेळतात. आमच्या पुसदला शाळेच्या मैदानावर सॉफ्टबॉल चालायचा, त्याचाच हा मोठा भाऊ. शाळा सुटली तरी मैदान सुटलं नाही. माझा मोठा भाऊ जिनिंगमध्ये कामाला होता. कापसाची ती बारीक धूळ त्याच्या पापण्यांवर, नाकात, छातीत. तिसाव्या वर्षी तो जिना चढताना मधे थांबायचा. मला ठाऊक होतं की खेळातून काही निघालं नाही तर माझी जागा त्याच्या शेजारी आहे. अमरावतीच्या एका स्पर्धेत मला ठाकूर सरांनी पाहिलं. उज्जैनच्या एका कारखान्याचा संघ त्यांच्याकडे होता. करार एका वर्षाचा, जमलं तर पुढचं वर्ष. मी एक बॅग घेऊन आलो. एकोणीस वर्षांचा होतो.

खेळ थोडक्यात सांगतो, नाहीतर पुढचं समजणार नाही. मैदानावर चौकोनात चार टप्पे असतात, त्यांना बेस म्हणतात. त्यांच्या आसपास उभे राहून जमिनीवरून आलेले चेंडू अडवणारे चार जण म्हणजे इनफिल्ड. त्यातली सगळ्यात अवघड जागा दुसऱ्या आणि तिसऱ्या बेसच्या मधली — शॉर्टस्टॉप. बॅटवरून सुटलेला चेंडू सगळ्यात जास्त तिथेच येतो, सरपटत, उसळत, आणि विचार करायला वेळ नसतो. ती जागा अनूची. तो तिथे उभा राहिला की बाकीचे तिघे निवांत असायचे. चेंडू त्याच्याकडे यायचा नाही, त्याच्याकडे परत यायचा, असं वाटायचं बघताना.

आणि माझी जागा? मला जागा नव्हती. मी युटिलिटी. म्हणजे चारही जागा येतात, पण एकही आपली नाही. कुणाचा गुडघा दुखला, कुणाच्या घरी लग्न निघालं, की तिथे मी. एरवी बाकावर. ठाकूर सर पाहुण्यांना माझी ओळख करून द्यायचे, "ये हमारा ताश का जोकर है. जहाँ पत्ता कम पडे, वहाँ लगा दो." सगळे हसायचे. मीही हसायचो. त्यांचा उपकारच होता माझ्यावर. मी खरंच कृतज्ञ होतो — सगळ्यांचा. सरांचा, काकूंचा, अनूचा. इतक्या लोकांचं कृतज्ञ राहावं लागलं की आत काय होतं, तुम्हाला माहीत आहे? माणूस प्रत्येकाच्या चेहऱ्याकडे बघत राहतो. आज मी यांना जड तर झालो नाही ना.

अनूला मी जड झालो नाही कधी. हे लिहिताना बरं वाटत नाही. सरावानंतर तो मला थांबवून घ्यायचा, स्वतः चेंडू मारायचा आणि शॉर्टस्टॉपवर उभं राहायला शिकवायचा. "भिया, चेंडूची वाट बघू नकोस, त्याला भेटायला जा." इकडे भैयाला भिया म्हणतात. आपली जागा दुसऱ्याला शिकवतं का कुणी? त्याने शिकवली.

आता आमच्या टीमची रीत सांगतो. सगळं तिच्यावर आहे.

सामन्याच्या दिवशी जो बाहेर बसणार, त्याने इनफिल्डची जमीन तयार करायची. बहुतेक वेळा तो मीच. आमचं मैदान काळ्या मातीचं, वर पिवळा मुरूम टाकलेला. आदल्या संध्याकाळी पाणी मारायचं, सकाळी खडे वेचायचे, मग जुन्या लोखंडी खाटेच्या सांगाड्याला मागे बारदान बांधून तो ओढत फिरायचं. जमीन तळहातासारखी होईपर्यंत. झालं की मधोमध उभं राहून मोठ्याने ओरडायचं, "जमीन साफ!" एवढं ऐकलं की इनफिल्डवाले आपापल्या जागी जायचे. आणि गेल्यावर कुणी बुटाने जमीन घासून बघायची नाही. बघणं म्हणजे साथीदाराचा अपमान. नवीन आलेल्या एकाने एकदा सवयीने बूट घासला, तर सरांनी त्याला तो सामना बाहेर बसवलं. "साथी ने बोल दिया ना? फिर तू कौन होता है जाँचनेवाला?"

दुसऱ्या गावांत असं नसतं, मी नंतर पाहिलं. तिथे जो तो आपली जमीन आपण बघतो. आमच्याकडे मात्र ही रीत होती, आणि आम्हाला तिचा अभिमान होता.

तिसऱ्या वर्षी सरांनी मला बोलावून सांगितलं, पुढल्या वर्षी टीम छोटी करणार आहेत.  टीम छोटी झाली की आधी कोण जातं, हे जोकरला सांगायला लागतं का? त्याच महिन्यात कळलं, एका पगारी लीगचे दोन निवडणारे आमचा सामना बघायला येणार आहेत. त्यांना इनफिल्डचा एक माणूस हवा होता. एकच. अनू जाणार हे मैदानावरच्या कुत्र्यालाही ठाऊक होतं. मलाही. मी त्याला पेढा भरवला होता, आधीच. खोटा नव्हता तो पेढा — का होता? आता सांगता येत नाही.

त्या आठवड्यात आमच्या मैदानावर सात दिवस भागवतकथेचा मांडव होता. इकडे ते नेहमीचं. मैदान रिकामं दिसलं की मांडव पडतो, आणि मांडव उठला की मागे काय काय राहतं — दोऱ्या, पत्रावळी, लोखंडी खुंटे. खुंटे काढून नेतात, पण एखादा निघालाच नाही तर मजूर घण मारून तो जमिनीच्या आतच ठोकून टाकतात. म्हणून मांडवानंतर आम्ही दोनदा फिरून बघायचो.

आदल्या संध्याकाळी मी सांगाडा ओढत होतो. दुसऱ्या आणि तिसऱ्या बेसच्या मधे तो अडकला. मी बसून हाताने मुरूम बाजूला केला. खाली खुंट्याचं डोकं होतं, घणाने चेपून छत्रीसारखं पसरलेलं. जमिनीच्या एक बोटभर खाली. मी त्याच्यावर अंगठा ठेवला. दिवसभराच्या उन्हाने ते गरम होतं.

तो काढायला सब्बल, म्हणजे पहार, हवी होती, आणि सब्बल चौकीदाराच्या खोलीत. चौकीदार नव्हता, खोलीला कुलूप. म्हणून राहिलं.

इथपर्यंत मी स्वतःला कित्येकदा सांगितलं आहे. चौकीदार नव्हता, कुलूप होतं, सकाळी घाईत विसरलो. काही वर्षं तर मला हे असंच आठवायचं, अगदी खरं. विसरणं हा गुन्हा नाही ना? माणूस विसरतो.

मी विसरलो नाही.

सकाळी मी सगळ्यांच्या आधी गेलो. चौकीदार होता. चाचा म्हणायचो त्यांना, म्हातारे, दातांत तंबाखू धरून बोलायचे. दारात सब्बल टेकवून चहा पीत बसले होते. म्हणाले, "सब्बल चाहिए क्या, बेटा? कल मंडपवालों ने बहुत कचरा छोडा है."

मी म्हणालो, "नहीं चाचा. सब देख लिया."

पाचच शब्द. मग मी मैदानावर गेलो, त्या जागेवर दोन बोटं मुरूम टाकला, हाताने दाबला, थोडं पाणी शिंपडलं, वरून बारदान फिरवलं. बाकीच्या जमिनीपेक्षा ती जागा जास्त छान दिसत होती. खोटं लपवलेली जागा अशी छान का दिसते?

मला काय हवं होतं, तेही सांगतो. त्याला लागावं असं मला वाटलं नव्हतं. हे माझ्या बाजूने धरू नका, मीही धरत नाही. मला एक चूक हवी होती. चेंडू खुंट्यावर आपटून बाजूला जाईल, अनूच्या पायांमधून निघून जाईल, आणि ते दोघे आपल्या वहीत त्याच्या नावापुढे एक चूक लिहितील. तीन वर्षांत त्याच्या नावावर दिसली नव्हती अशी एक साधी चूक. मी ती मनात पाहिली होती, चेंडू कुठे जाईल तेसुद्धा. तेवढी तर कुणाकडूनही होते, मला वाटलं. मग ते दुसऱ्याकडे बघतील.

टीम आली. मी मधोमध उभा राहिलो आणि ओरडलो, "जमीन साफ!" आवाज नेहमीसारखाच निघाला. मला वाटलं होतं अडकेल. नाही अडकला. अनू माझ्या शेजारून आपल्या जागी जाताना पाठीवर थाप मारून म्हणाला, "काय चकाचक केलंय रे आज!"

पहिल्या इनिंगला काही झालं नाही. दुसऱ्या इनिंगलाही नाही. मी बाकावर बसून प्रत्येक चेंडू जमिनीवर कुठे टेकतो ते बघत होतो. धावणाऱ्यांचे, उभे असणाऱ्यांचे बूट मुरूम उडवत होते. दोन बोटांचं एक बोट झालं असेल, मग अर्धं. तेव्हाही वेळ होता. मी हात वर करू शकत होतो, "सर, एक मिनिट, तिथे काहीतरी आहे." एवढंच. कुणी मला मारलं नसतं. उलट शाबासकी दिली असती. तिसरी इनिंग संपली तेव्हा मी खरंच अर्धा उठलो होतो. सरांनी विचारलं, "क्या हुआ?" मी म्हणालो, "पानी."

चौथ्या इनिंगला चेंडू जमिनीलगत, जोरात, सरळ अनूकडे गेला. तो त्याला भेटायला पुढे आला, जसं मला शिकवायचा तसा. खाली वाकलेला, तोंड चेंडूच्या रेषेत, नजर त्याच्यावर. शिकवलेलं सगळं त्याने बरोबर केलं. चेंडू लोखंडावर आपटला. मी बाकावरून तो आवाज ऐकला. मातीवर चेंडू टेकल्याचा आवाज वेगळा असतो, बोदा. हा कोरडा होता. टक. आणि चेंडू बाजूला गेला नाही. वर उडाला.

डावा डोळा.

अनू ओरडला नाही. गुडघ्यांवर बसला आणि ग्लोव्ह तोंडावर धरून पुढे-मागे हलत राहिला. सगळे धावले, त्यांच्या बुटांनी उडालेल्या मुरमाखाली खुंटा पुन्हा झाकला गेला. मीही धावलो. मी त्याचं डोकं मांडीवर घेतलं. त्याने माझा शर्ट मुठीत धरला होता, गाडीत घालेपर्यंत सोडला नाही. गाडी आधी इथल्या दवाखान्यात गेली, तिथून इंदूरला.

थांबतो जरा.

तुम्हाला वाटेल, हीच कबुली. नाही. यानंतर जे झालं ते लिहायला मला जास्त जड जातं आहे.

सामना थांबला नाही. निवडणारे लांबून आले होते, त्यांची संध्याकाळची गाडी होती. सरांनी इकडेतिकडे बघितलं आणि म्हणाले, "जोकर, जा. शॉर्टस्टॉप."

आणि मी गेलो.

त्या जागी उभा राहिलो. खाली बघितलं नाही, बघायची गरज नव्हती. खुंटा कुठे आहे हे त्या मैदानावर मला एकट्याला माहीत होतं. म्हणून मी नेहमीच्या जागेपेक्षा दोन पावलं पुढे उभा राहिलो, एक पाऊल डावीकडे. प्रत्येक चेंडू त्या जागेपर्यंत पोचायच्या आधी उचलला. सहा चेंडू आले, सहाही घेतले. आयुष्यात त्याच्या आधी किंवा नंतर मी तसा खेळलो नाही. माझ्या शर्टावर अनूचं रक्त होतं, ते बघून लोकांना वाटलं मी मित्रासाठी खेळतोय. बाहेरून टाळ्या येत होत्या.

सामन्यानंतर निवडणाऱ्यांपैकी एक जण माझ्यापाशी आला. म्हणाला, तू चेंडूवर चालून जातोस, इतका पुढे उभं राहायची हिंमत फार थोड्यांत असते. हिंमत. हाच शब्द.

सगळे इंदूरला निघाले. मी म्हणालो, सामान आवरून मागून येतो. ऊन उतरलं होतं. चाचांच्या दारातून सब्बल उचलली आणि खुंटा उकरून काढला. जोर लावावा लागला नाही, चार हिसक्यांत निघाला. मागे वळलो तर चाचा उभे. त्यांनी खड्ड्याकडे बघितलं. मग म्हणाले, "निकाल लिया? अच्छा किया." आणि सब्बल माझ्या हातातून काढून घेतली.

त्यांना किती कळलं होतं? सकाळी मी काय म्हणालो होतो, ते त्यांना आठवत होतं का? मला आजही माहीत नाही. त्यानंतर फोनवर उज्जैनचा नंबर दिसला की वाटायचं, चाचा बोलले असतील. काही वर्षांनी ते गेले. मला कळलं तेव्हा मी मोठा श्वास सोडला, सुटल्यासारखा. हेही लिहून ठेवतो. एका म्हाताऱ्या माणसाच्या मरणाने मला हलकं वाटलं होतं.

खुंटा मी गमछ्यात गुंडाळून राम घाटावर नेला. फेकायला नदीच का सुचली, कोण जाणे. कुठल्याही गटारीत गेला असता. पायरीवर एक पंडे, घाटावरचे भटजी, बसले होते. माझ्या हातातलं बोचकं बघून फार हळू आवाजात विचारलं, "किस के फूल हैं, भैया?" त्यांना वाटलं मी कुणाच्या अस्थी आणल्या आहेत. मी मान हलवली. हो म्हणालो की नाही म्हणालो, मलाच कळलं नाही. पाण्यात टाकला तर बुडबुडासुद्धा नीट आला नाही.

इंदूरला दोन ऑपरेशनं झाली. डोळा दिसायला राहिला, त्यातून दिसायचं मात्र कायमचं गेलं.

सरांनी मला एकदाच विचारलं, दवाखान्याच्या व्हरांड्यात, सगळ्यांसमोर. "जमीन देखी थी ना तूने?" मी म्हणालो, "जी सर. साफ थी." आणि आतून, पट्टी बांधलेल्या अनूचा आवाज आला, घाईत मराठीतच. "अरे त्याला कशाला विचारताय? त्याने केली म्हणजे नीटच केली असणार. माझीच नजर हलली. मी त्या निवडणाऱ्यांकडे बघितलं एक क्षण."

त्याने बघितलं नव्हतं. मी त्याच्याकडे बघत होतो, मला माहीत आहे. त्याची नजर शेवटपर्यंत चेंडूवर होती. पण चेंडू असा उडायला काहीतरी कारण हवं ना, आणि त्याला दुसरं कारण सापडलं नाही. म्हणून त्याने स्वतःला कारण केलं. मी दारात उभा होतो. एक वाक्य बोलायचं होतं. मी त्याच्या पायावरची चादर सारखी केली.

लीगने मला घेतलं. निघायच्या दिवशी काकूंनी अनूचा ग्लोव्ह माझ्या हातात ठेवला. "त्याला आता नाही लागणार रे. पडून राहिला तर मला रोज दिसेल. तू घेऊन जा, तुझ्या हातात तो खेळतोय असं समजेन." मी घेतला. चार सीझन त्याच ग्लोव्हने खेळलो. चामड्याला हाताचं वळण पडतं, आणि ते वळण अनूच्या हाताचं होतं. माझी करंगळी त्यात कधी नीट बसली नाही.

तिथेही मी युटिलिटीच राहिलो. लोकांना वाटतं लीग म्हणजे काय. बस, लॉज, बाकडं. कुणीतरी पडायचं, पाय धरून कळवळायचं, आणि पूर्ण संघ मागे वळून माझ्याकडे बघायचा. दुसऱ्याला लागलं की माझं नाव पुकारलं जायचं. हाच माझा धंदा होता. प्रत्येक वेळी बाकावरून उठताना मला वाटायचं, यांना कळलंय. जागेवर पोचलो की मी आधी बुटाने सगळी जमीन घासून काढायचो, वेड्यासारखी, पंच ओरडेपर्यंत. पोरं हसायची, म्हणायची, उज्जैनवाल्याचा काहीतरी टोटका आहे, शकुनाचा. मी म्हणायचो, हो, टोटका आहे.

खांदा गेला आणि खेळ संपला. पुसदला गेलो नाही. भाऊ आता काम करत नाही, छाती साथ देत नाही. मी घरी पैसे पाठवतो आणि सगळे म्हणतात, धाकट्याने नाव काढलं. सरांनी परत बोलावलं. आता उज्जैनलाच नानाखेड्याला दोन खोल्यांत राहतो आणि त्याच मैदानावर पोरांना शिकवतो. तिथली जुनी रीत मी बंद केली. आपली जमीन आपणच बघायची, असं सांगितलं. कारण विचारलं तर म्हणतो, सगळीकडे असंच करतात.

मागच्या वर्षी माझा सत्कार ठेवला होता, छोटासा, मैदानावरच. अनू आला होता. तो एका विम्याच्या ऑफिसात आहे. पोरांनी आग्रह केला म्हणून दोन शब्द बोलला. "बच्चों, मुझ में और इस में एक ही फर्क था. इस की नजर गेंद पर थी. मेरी एक सेकंद के लिए हट गई."  मग त्याने मला हार घातला. मी वाकलो, कारण त्याला अंतराचा अंदाज येत नाही, हार चुकला असता.

मला वाटलं होतं यापेक्षा खाली काही नाही.

गेल्या महिन्यात काकूंकडे गेलो होतो. काकूंचे गुडघे गेलेत, जिना उतरताना कठडा धरून एकेक पायरी बसल्यासारख्या उतरतात. आणि कडेवर अनूची मुलगी, दीड वर्षाची. सून नोकरीला जाते, अनू घरी होता. मी धावलो, पोरीला घेतलं. म्हणालो, काकू, अनूला सांगायचं ना.

काकू तिथेच पायरीवर बसल्या. म्हणाल्या, "तो नाही घेत रे तिला जिन्यावर. सडकेवर नाही घेत, गच्चीवर नाही घेत. डॉक्टर म्हणाले, एका डोळ्याने माणूस सगळं करतो, गाडीसुद्धा चालवतो. पण हा म्हणतो, आई, डोळ्याचं नाही, माझंच मन भरवशाचं नाही. माझं लक्ष एकदा गेलं होतं, पुन्हा जाईल. लेक हात पसरते त्याच्याकडे आणि हा मागे सरतो. मी बघते ना रोज. किती समजावलं. मी गणिताची बाई, मला एवढंही जमेना त्याला पटवायला." मग डोळे पुसून हसल्या. "जाऊ दे. तू आहेस, बरं वाटतं."

पोरगी माझ्या कॉलरला धरून होती. मी तिला खाली नेलं, चक्कर मारून परत वर आणलं. अनू दारात उभा होता. म्हणाला, "थँक्यू, भिया."

डोळा मी परत देऊ शकत नाही. पण मी त्याचा डोळाच घेतला असं मला इतकी वर्षं वाटत होतं, ते खोटं निघालं. मी त्याचा स्वतःवरचा विश्वास घेतला, आणि तो अजून माझ्याकडेच आहे, एका वाक्यात अडकलेला. ते वाक्य मी बोलत नाही तोपर्यंत ती पोरगी बापाकडे हात पसरत राहणार आणि तो मागे सरत राहणार. दिवसेंदिवस ती मोठी होते आहे. मला हे दिसतं. तरी त्या दिवशीही मी चहा पिऊन निघून आलो.

काकू, तुमच्या घरचं जेवण, ते अकरा दिवस, यातलं काही मला फेडता येणार नाही. एक मात्र मी फेडेन. त्याची नजर हलली नव्हती, हे मी एक दिवस तुमच्या खोलीत, तुम्ही समोर बसलेल्या असताना, अनूला सांगेन. सगळं सांगेन, सब्बल नको म्हणालो तेसुद्धा. दिवस कोणता ते लिहीत नाही. लिहिला आणि आलो नाही, तर ते आणखी एक खोटं होईल. त्यानंतर तो लेकीला उचलून जिना उतरेल की नाही, हे मला दिसणार नाही. मला तुमच्या घरात यायला तोंड उरलेलं नसेल. तरी सांगेन.